रेम्ब्रांटचं घर आपलं आपण बघायचंय? ॲमस्टरडॅमला येणाऱ्यांचे नेहमीचे प्रश्न

आम्ही ॲमस्टरडॅमला लागून असलेल्या ॲमस्टेलव्हेनला राहतो आणि उन्हाळा आला की पुण्याहून, ठाण्याहून, नाशिकहून कुणी ना कुणी येतंच. कॅनॉल, ट्यूलिप, पवनचक्क्या हे सगळे बघतात, पण मी प्रत्येकाला एक सकाळ तरी रेम्ब्रांटच्या, म्हणजे सतराव्या शतकातल्या त्या थोर डच चित्रकाराच्या, घरासाठी ठेवा म्हणते. मग व्हॉट्सॲपवर तेच तेच प्रश्न येतात म्हणून शेवटी सगळं एका जागी लिहून काढलं.

हे नक्की काय आहे, घर की म्युझियम?

दोन्ही. योडनब्रेस्ट्राट नावाच्या रस्त्यावर ४ नंबरचं हे घर, साधारण १६०६ च्या सुमाराला बांधलेलं, म्हणजे रेम्ब्रांटचा जन्म झाला (लायडनला, १५ जुलै १६०६) त्याच सुमाराचं. १६३९ साली त्याने ते १३,००० गिल्डरला (गिल्डर म्हणजे तेव्हाचं डच नाणं) घेतलं. तेव्हा तो तिशीत होता, नाव झालेलं, पोर्ट्रेटची कामं हातात भरपूर, आणि तरीही ती रक्कम त्याच्यासाठी मोठीच होती. जवळजवळ वीस वर्षं तो इथे राहिला, इथेच चित्रं काढली, विकली, शिष्य शिकवले, मूल वाढवलं. नंतर घर हातातून गेलं, पुढे अडीचशे वर्षं कुणाकुणाचं होत राहिलं, आणि १९११ पासून म्युझियम म्हणून लोकांना खुलं आहे. आत्ता आत जे सतराव्या शतकासारखं दिसतं ते १९९९ साली पूर्ण झालेल्या कामामुळे. सामान रेम्ब्रांटचं स्वतःचं नाही, त्या काळातलं जमवून लावलेलं आहे. कुठल्या खोलीत काय ठेवायचं हे कसं कळलं, त्याची गोष्ट खाली सांगते, कारण माझ्या मते तीच या घराची खरी गोष्ट आहे.

मग त्याची मोठी पेंटिंग्ज तिथे असतील ना?

नाही. हे आधीच सांगते, नाहीतर लोक आत जाऊन हिरमुसतात. ‘नाइट वॉच’, ‘ज्यूइश ब्राइड’ ही त्याची गाजलेली चित्रं सगळी राइक्सम्युझियमला, म्हणजे इथल्या मोठ्या राष्ट्रीय म्युझियमला. घरात त्याच्या गुरूची, म्हणजे पीटर लास्टमनची, आणि शिष्यांची पेंटिंग्ज दिसतात. आणि रेम्ब्रांटचं स्वतःचं म्हणाल तर एचिंग्ज, म्हणजे तांब्याच्या पत्र्यावर कोरून कागदावर छापलेली चित्रं. त्याने सुमारे २९० एचिंग्ज केली आणि त्यातली जवळपास सगळी या म्युझियमच्या संग्रहात आहेत. फक्त सगळी एका वेळी लावलेली नसतात, कागद उजेडाने खराब होतो म्हणून ती आलटून पालटून बाहेर काढतात. तेव्हा अमुक एक एचिंग बघायचंच असं मनात धरून जाऊ नका, जे लावलंय ते नीट बघा, जवळ जाऊन, नाक काचेला लागेल इतकं. काही काही पोस्टाच्या तिकिटापेक्षा थोडीच मोठी आहेत आणि त्यात माणसाच्या भुवईचे केस दिसतात.

आधी घर की आधी राइक्सम्युझियम?

आधी घर, आणि शक्यतो वेगळ्या दिवशी. बहुतेक जण उलटं करतात, म्हणजे सकाळी राइक्समध्ये चार तास फिरून पायाचे तुकडे पडल्यावर संध्याकाळी पाचला इथे येतात आणि मग पंधरा मिनिटांत ‘झालं बघून’. घरातला स्टुडिओ, ती खिडकी, ते रंगाचे दगड बघून मग नाइट वॉचसमोर उभं राहिलं की वेगळंच वाटतं. ते चित्र पावणेचार मीटरच्या वर उंच आणि साडेचार मीटर रुंद आहे, घरातल्या कुठल्याच खोलीत ते नीट मावत नाही, त्यामुळे बहुतेक मागच्या अंगणात आडोसा करून त्याने ते केलं असावं असं अभ्यासक म्हणतात. मी त्या अंगणाच्या बाजूला उभी राहते तेव्हा दर वेळी मनात तेच येतं, की डच पावसात, इतक्याशा जागेत, एवढं मोठं कॅनव्हास.

तिकीट कसं काढायचं?

ऑनलाइन, म्युझियमच्या स्वतःच्या साइटवरून, वेळ ठरवून. दारात जाऊन मिळतं कधीकधी पण शनिवार-रविवार आणि जुलै-ऑगस्टला त्या भरवशावर राहू नका. मी पहिल्यांदा नणंदेला घेऊन गेले तेव्हा बुकिंग न करता दुपारी बाराला पोचले आणि दीड तास बाहेर थांबलो, वर पाऊस. म्युझियमकार्ट (इथल्या म्युझियमांचा वर्षाचा पास) असेल तर तिकिटाचे पैसे लागत नाहीत, आय ॲमस्टरडॅम सिटी कार्ड या पर्यटकांच्या पासातही हे येतं. दोन-तीनच दिवस असाल आणि तीनचार म्युझियम करणार असाल तर बेरीज करून बघा, नाहीतर सुटं तिकीट बरं. दर बदलत असतात म्हणून आकडा इथे देत नाही.

जायचं कसं?

सेंट्रल स्टेशनवरून मेट्रो ५१, ५३ किंवा ५४, कुठलीही चालेल. पहिलं स्टेशन निउमार्क्ट, दुसरं वाटरलोप्लेन, दोन्हीकडून चालत पाचेक मिनिटं. नाहीतर सेंट्रलपासून सरळ चालत या, पंधरा-वीस मिनिटं, रस्ता सुंदर आहे. आमच्याकडून येणाऱ्यांनी २५ नंबर ट्रामने झाउद स्टेशन आणि तिथून ५१ मेट्रो. वेगळं कार्ड काढायची गरज नाही, तुमचं कॉन्टॅक्टलेस बँक कार्ड दाराजवळच्या मशीनला टेकवायचं, आणि उतरताना परत टेकवायचं, हे दुसरं टेकवणं आपले लोक हमखास विसरतात आणि मग जास्तीचे पैसे कटतात. गाडी घेऊन अजिबात येऊ नका.

लाल-हिरव्या झडपांचं उंच घर दिसलं की तेच. आत मात्र जुन्या दारातून नाही, शेजारच्या नव्या काचेच्या इमारतीतून जायचं.

कधी जावं, किती वेळ लागतो?

सकाळी दहाला उघडतं, तेव्हाच जा. एक तर गर्दी नसते, खोल्या लहान आहेत, पंधरा माणसं झाली की काही दिसत नाही. दुसरं म्हणजे उजेड. स्टुडिओच्या खिडक्या उत्तरेकडे आहेत, चित्रकाराला लागतो तसा थंड, न हलणारा उजेड तिथे येतो, आणि हिवाळ्यात तर साडेचारला अंधार पडतो. दीड तास धरा. रंग आणि एचिंग कसं करतात ते दाखवणारे दोन्ही डेमो बघितले आणि वर एचिंग्जचं प्रदर्शन नीट केलं तर दोन. २७ एप्रिलला किंग्ज डे, म्हणजे राजाचा वाढदिवस असतो, अख्खं शहर रस्त्यावर असतं, त्या दिवशी हा बेत ठेवू नका.

गाइड नाही घेतला तर कळेल का? मराठीत ऑडिओ आहे?

मराठीत नाही. इंग्लिश घ्या, भाषा सोपी आहे, आणि ऑडिओ तिकिटातच येतो. माझं प्रामाणिक मत, इथे गाइडपेक्षा स्वतःचं स्वतः फिरलेलं चांगलं. गाइड पुढे चालायला लागला की आपल्याला जिथे थांबायचंय तिथे थांबता येत नाही. मी तर सांगते की प्रत्येक खोलीत आधी दोन मिनिटं नुसतं उभं राहा, वास घ्या, खिडकीतून काय दिसतं ते बघा, आणि मग कानाला लावा. आई-बाबांना इंग्लिश ऐकायला जड जात असेल तर घरूनच त्यांना चार गोष्टी सांगून ठेवा: बायको सास्किया, मुलगा तीतस, कर्ज, यादी. एवढ्यावर सगळं घर कळतं.

आत काय काय बघायचं? चुकवू नये असं काय?

तळघरातलं स्वयंपाकघर पहिलं. मोठी चूल, तांब्या-पितळेची भांडी, दगडी मोरी, आणि भिंतीतल्या कपाटात मोलकरणीचा पलंग. हो, कपाटातच. असे पलंग वरच्या खोल्यांतही आहेत आणि ते इतके आखूड आहेत की सगळे विचारतात लोक एवढे बुटके होते का. तेव्हा पूर्ण आडवं न होता उशांना टेकून अर्धवट बसून झोपायची रीत होती असं तिथे सांगतात.

वरती आलं की पुढची खोली आणि शेजारची बैठकीची खोली. भिंतीभर चित्रं टांगलेली, कारण रेम्ब्रांट चित्रं नुसती काढत नव्हता, दुसऱ्यांची विकतही होता. गिऱ्हाईक आलं की इथे बसवायचं, वाइन द्यायची, सौदा करायचा. आपल्याकडे पेढीवर चहा सांगतात तसं. मागच्या मोठ्या खोलीत घरचं राहणं, जेवण, झोपणं. या घरात आल्यानंतर तीनच वर्षांनी, जून १६४२ मध्ये सास्किया वारली, २९ वर्षांची होती, तीतस नऊ महिन्यांचा. त्याच्या आधीची तीन मुलं तान्हेपणीच गेलेली. आणि त्याच १६४२ साली नाइट वॉच पूर्ण झालं. ही दोन वाक्यं मी पाहुण्यांना त्या खोलीत सांगते आणि मग गप्प बसते.

त्याच्या वर मोठा स्टुडिओ आणि शेजारी त्याची संग्रहाची खोली. रोमन बादशहांचे पुतळे, शंख-शिंपले, पोवळी, शस्त्रं, पेंढा भरलेले प्राणी, जाडजूड वह्यांमध्ये दुसऱ्यांची चित्रं. लिलावाला गेला की हा माणूस हात राखून बोली लावायचा नाही. चित्रात पगडी हवी, तलवार हवी, चिलखत हवं, तर ते आपल्याकडे असावं असं त्याचं होतं. सगळ्यात वर माळ्यावर शिष्यांची जागा, प्रत्येकाला आडोसा करून थोडी थोडी दिलेली.

ते डेमो असतात म्हणे, बघावेत का?

बघावेतच. यासाठी तरी जा.

पहिला रंगाचा, स्टुडिओत. दगडी फरशीवर रंगाची पूड घेतात, त्यात जवसाचं तेल घालतात आणि काचेच्या वरवंट्यासारख्या गोट्याने गोल गोल घोटतात. आमच्या सासूबाई बघत होत्या आणि म्हणाल्या, अगं हे तर पाट्यावरचं वाटण, आणि त्यांनी तिथल्या मुलीला हातानेच खूण करून विचारलं की अजून बारीक नको का. ती मुलगी हसली आणि अजून घोटलं तिने. आवाज आधी खरखरीत येतो, मग मऊ होत जातो, मग येईनासा होतो, तेव्हा रंग तयार. जवसाचा वास आपल्याला चटणीचा म्हणून माहीत, इथे अख्खी खोली त्या वासाची. एक निळी पूड दाखवतात ती लापिस लाझुली दगडाची, अफगाणिस्तानातून यायची, आणि एक लाल पूड, ती किड्यांपासून केलेली.

दुसरा एचिंगचा. तांब्याच्या पत्र्यावर मेणाचा पातळ थर असतो, त्यावर सुईने चित्र ओरखडायचं, म्हणजे तेवढं तांबं उघडं पडतं, मग पत्रा आम्लात बुडवायचा, आम्ल फक्त उघड्या रेघा खातं. मेण काढून टाकून शाई चोळायची, मग फडक्याने आणि शेवटी तळहाताने पुसायची, इतकी की शाई फक्त रेघांच्या खाचेत उरते. त्यावर ओलसर कागद, वर जाड लोकरी कापड, आणि लाकडी प्रेसचं मोठं चाक फिरवायचं. कागद एका कोपऱ्याला धरून हळूच उचलतात तेव्हा सगळे श्वास रोखून बघत असतात. रेम्ब्रांट पुष्कळदा नुसत्या सुईने सरळ तांब्यावरही ओढायचा, त्याने रेघेच्या कडेला तांब्याची बारीक किनार वर येते आणि छापल्यावर ती रेघ मखमलीसारखी काळी दिसते. पण ती किनार थोड्याच प्रतींत झिजते, म्हणून पहिल्या प्रतींना किंमत. जे. जे.ला किंवा कुठे प्रिंटमेकिंग शिकलेलं कुणी बरोबर असेल तर त्यांना इथून हलवणं अवघड जाईल, तेवढा वेळ धरा.

छापलं की सगळं उलटं येतं हे इथे डोळ्यांसमोर कळतं. त्यावरून एक गंमतीची गोष्ट. १६५० साली त्याने एका शंखाचं एचिंग केलंय, कोनस जातीचा, पांढऱ्या ठिपक्यांचा, उष्ण समुद्रातला. सही त्याने आठवणीने उलटी कोरली म्हणून ती कागदावर सुलटी आली, पण शंख मात्र समोर दिसला तसाच कोरला, त्यामुळे छापल्यावर त्याचे वळसे विरुद्ध दिशेने फिरले. मी आईला हे काही न सांगता फोनवर चित्र दाखवलं. तिने बघितलं आणि म्हणाली, हा उजवा शंख आहे, असा मिळत नाही सहसा. देवघरात रोज शंख पुसणाऱ्या बाईला ते एका नजरेत दिसलं.

गुडघे दुखतात, जिने फार आहेत का?

आहेत, आणि जुन्या घरातले गोल, अरुंद, उभे आहेत. नव्या इमारतीत लिफ्ट आहे, तिथलं प्रदर्शन व्हीलचेअरवरूनही बघता येतं, पण जुन्या घराच्या खोल्या जिन्यानेच. आमचे बाबा सत्तरीचे, ते सावकाश चढले, प्रत्येक मजल्यावर टेकले, काही झालं नाही. उतरताना मात्र त्यांच्या पुढे एकजण राहा, मागे नको. ज्यांना जमणारच नाही त्यांना ओढून नेऊ नका. पायऱ्या चढवत नसतील तर खालचं स्वयंपाकघर कितपत जमेल ते तिकिटाच्या खिडकीवर आधी विचारा, स्टाफ चांगला आहे, नीट सांगतात.

मुलांना घेऊन जावं का?

सहा-सात वर्षांच्या पुढे नक्की. डेमो आणि संग्रहाची खोली त्यांना आवडते. बाबागाडी जिन्यावर नेता येत नाही, तान्हं असेल तर कडेवर.

ती यादीची गोष्ट काय आहे?

रेम्ब्रांटने घर घेतलं ते आपण होम लोन घेतो तसंच, थोडे पैसे आधी आणि बाकीचे पुढच्या काही वर्षांत फेडायचे. ते त्याने फेडलेच नाहीत. कामं कमी झाली, खर्च तसाच राहिला, लिलावातली खरेदी चालूच, आणि १६५२ पासून इंग्लंडशी लढाई सुरू झाली तसा शहरातला पैसाही आटला. ज्यांचे पैसे अडकले होते ते मागायला लागले, मग एकाचे फेडायला दुसऱ्याचे घेतले. १६५६ साली त्याने दिवाळखोरीचा अर्ज केला. २५ आणि २६ जुलैला अधिकारी आले आणि एकेका खोलीत जाऊन जे दिसेल ते लिहून काढलं. ३६३ नोंदी. पुढच्या खोलीत अमुक चित्र, मागच्या खोलीत आरसा, खुर्च्या, संग्रहाच्या खोलीत पुतळे आणि शंख, वह्या, आणि कपडेसुद्धा. सगळं विकलं गेलं. घर १६५८ साली ११,२१८ गिल्डरला गेलं, घेतलं त्याहून कमीत, आणि तो रोझेनग्राख्टला भाड्याच्या घरात गेला. शेवटपर्यंत तिथेच.

आता लक्षात घ्या, साडेतीनशे वर्षांनी हे घर परत लावायला घेतलं तेव्हा कुठल्या खोलीत काय होतं हे कळलं ते याच यादीवरून. त्याच्या आयुष्यातल्या सगळ्यात वाईट दोन दिवसांत, सगळं काढून नेण्यासाठी केलेली ती यादी, आणि तीच हातात धरून लोकांनी त्याचं घर परत भरलं. मी प्रत्येक पाहुण्याला हे आत जायच्या आधीच सांगते, कारण मग खोलीतली साधी खुर्चीही वेगळी दिसते.

आणि त्याच्या घरातल्या बायकांचं काय, काहीतरी ऐकलं होतं?

ऐकलंत ते खरं आहे आणि ते लपवू नये. सास्किया गेल्यावर तीतसला सांभाळायला गेर्टये डिर्क्स नावाची बाई घरात आली, पुढे दोघांचे संबंध जुळले, आणि मग हेन्ड्रिक्ये स्टोफेल्स घरात आल्यावर गेर्टयेला बाहेर पडावं लागलं. लग्नाचं वचन मोडलं म्हणून ती कोर्टात गेली, कोर्टाने तिला वर्षाला २०० गिल्डर द्यायला लावले. पण १६५० साली रेम्ब्रांटने तिला गौडा गावातल्या सुधारगृहात डांबायला हातभार लावला, पाच वर्षं ती आत होती. मला त्याची चित्रं जिवापाड आवडतात आणि हे मला त्याला माफ करता येत नाही. त्या घरातून फिरताना तिचीही आठवण ठेवावी. हेन्ड्रिक्ये मात्र शेवटपर्यंत त्याच्या पाठीशी उभी राहिली, दिवाळ्यानंतर तिने आणि तीतसने मिळून चित्रांचा व्यवसाय आपल्या नावावर घेतला म्हणून सावकारांपासून त्याची सुटका झाली.

आपल्या भारताशी काही संबंध आहे का?

आहे, आणि चांगला आहे. रेम्ब्रांट आयुष्यात कधी परदेशी गेला नाही, पण मुघल लघुचित्रं त्याच्या हातात आली होती. १६५६ ते १६६१ च्या दरम्यान त्याने त्यांच्यावरून जपानी कागदावर रेखाटनं केली, त्यातली वीसहून जास्त आज शिल्लक आहेत. शहाजहान, जहांगीर, दरबारातले लोक. झाडाखाली बसलेल्या चार मौलवींच्या एका चित्रावरून त्याने बायबलमधल्या अब्राहमकडे देवदूत जेवायला येतात तो प्रसंग एचिंगमध्ये बसवला. शहाजहान तेव्हा जिवंत होता हे लक्षात घ्या, म्हणजे दिल्ली-आग्र्याच्या चित्रकाराचं काम त्याच काळात ॲमस्टरडॅमच्या चित्रकारासमोर होतं. ही रेखाटनं घरात नसतात, लंडन, पॅरिस आणि इथलं राइक्सम्युझियम अशी विखुरलेली आहेत.

असा पूर्वेकडचा माल यायचा डच ईस्ट इंडिया कंपनीच्या जहाजांतून, आणि त्या कंपनीची एक वखार आपल्या वेंगुर्ल्यात होती. पडक्या भिंती अजून उभ्या आहेत. माझं माहेर सावंतवाडीकडचं, लहानपणी आम्ही ती ‘डच वखार’ म्हणून लांबून बघायचो आणि डच म्हणजे कोण ते माहीतही नव्हतं.

फोटो, बॅगा?

फ्लॅश नको. मोठी बॅग, सॅक लॉकरमध्ये ठेवावी लागते, सुटकेस घेऊन येऊ नका. ओली छत्री आत नेऊ नका.

जवळ खायला काय? शाकाहारी मिळेल?

मिळतं, निउमार्क्टच्या चौकात कॅफे भरपूर आहेत, चीज सँडविच, सूप, ॲपल पाय. आणि म्युझियमच्या समोरच कॅनॉलच्या काठावर एक काळं, स्पष्ट कललेलं छोटं घर आहे, १६९५ सालचं, पूर्वी पाण्याच्या दारांवर लक्ष ठेवणाऱ्याचं, आता कॅफे आहे. ऊन असेल तर बाहेर बसा, रेम्ब्रांटचं घर समोर दिसतं.

अजून अर्धा दिवस आहे, त्याच्याच मागावर जायचं असेल तर?

घरामागे वाटरलोप्लेनचा जुना बाजार, रविवार सोडून. त्याच्या पलीकडे पोर्तुगीज ज्यूंचं १६७५ सालचं सिनेगॉग. रेम्ब्रांटचे शेजारी म्हणजे हेच स्थलांतरित ज्यू, त्याच्या बायबलच्या चित्रांतले कितीतरी चेहरे याच रस्त्यावरचे असावेत. परत घराकडे येऊन पूल ओलांडला की झाउडरकेर्क, त्या चर्चमध्ये त्याची तीन तान्ही मुलं पुरलेली. सास्किया ऑउडे केर्क या चर्चमध्ये, दहा मिनिटांवर, तिच्या कबरीवरची दगडी फरशी दाखवतात. आणि वेस्टरकेर्क, तिथे तो स्वतः, ऑक्टोबर १६६९ मध्ये, भाड्याच्या कबरीत. कबरीची नेमकी जागा माहीत नाही, भिंतीवर त्याच्या नावाचा एक फलक आहे तेवढाच. ट्राम १३ किंवा १७ ने वेस्टरमार्क्टला उतरा, घाई नसेल तर चालतच जा, वाटेत चारही मोठे कॅनॉल लागतात.